अंगठा घेतला म्हणजे होकार मिळाला असं नाही

उजनी धरण ‘मायनस’मध्ये गेलं, म्हणजे पाणी फारच आटलं, की पळसदेवचं बुडालेलं देऊळ पाण्याबाहेर येतं. मग बातम्या येतात, ड्रोनचे व्हिडिओ येतात, आणि अशा प्रत्येक उन्हाळ्यात चित्रकला शिकणारं कुणी ना कुणी मला विचारतं: ताई, मलाही माझ्या गावावर, घरच्यांच्या आठवणींवर काम करायचंय, सुरुवात कुठून करू? त्यांच्यासाठी हे लिहितेय. बी.एफ.ए.ची सी.ई.टी., पोर्टफोलिओ, रेसिडेन्सीचे (संस्थेच्या आधाराने ठरावीक काळ काम करायचे) अर्ज या गोष्टी तुम्हाला ठाऊक आहेत असं धरून चालते. मला मुख्यतः एकाच चुकीबद्दल बोलायचंय. बाकीचं ओघात येईल तेवढं.

आईचं माहेर करमाळा तालुक्यातलं, भीमेच्या काठचं. उजनी धरण 1980 मध्ये पूर्ण झालं. त्याआधीच गाव उठून वर माळावर बसलं होतं. त्या भागात गावांना नंबर आहेत. केत्तूर नंबर एक, केत्तूर नंबर दोन, वांगीचेही असेच. लहानपणी मला ते शाळेच्या तुकड्यांसारखं वाटायचं. एका गावाची माणसं वेगवेगळ्या जागी बसवली की नाव एकच राहतं आणि पुढे आकडा लागतो, हे समजायला मला पंचविशी गाठावी लागली.

आणखी एक गोष्ट उशिरा समजली. उजनीची क्षमता 117 टीएमसी (अब्ज घनफूट). त्यातलं निम्म्याहून जास्त, 63 टीएमसीच्या वर पाणी मृतसाठ्यातलं, म्हणजे वापराच्या हिशेबात न धरलेलं. उपयुक्त साठा संपला की धरण ‘शून्य टक्के’ होतं, त्याखाली गेलं की मायनस. म्हणजे पेपरात शून्य छापून येतं त्या दिवशीही जुन्या गावठाणावर पाणी असतंच. माझं आजोळ मृतसाठ्यात आहे. हे वाक्य ज्या रात्री वहीत लिहिलं त्या रात्री मला झोप लागली नाही. माझं काम तिथून सुरू झालं. नाव ठेवलं ‘उणे’.

त्याआधी चार वर्षं मी बॅकवॉटरची निसर्गचित्रं रंगवत होते. भिगवणचे रोहित पक्षी, होड्या, संध्याकाळचं पाणी. विकली जायची, घरभाडं निघायचं. पण मामा एकदा चित्र बघून म्हणाले, “झ्याक हाय. पण ह्ये कुठलं?” त्यांच्या शेतावरचं पाणी मी रंगवलं होतं आणि त्यांना त्यात त्यांचं काहीच सापडत नव्हतं.

मग मी चित्राबाहेर पडले. भूमी अभिलेख कार्यालयातून जुने नकाशे, भूसंपादनाचे निवाडे, फेरफार. मामांच्या ट्रंकेतले कागद. जुन्या गावातून आणलेली गोधडी, उखळ, कुलूप. आणि आवाज, म्हातारी माणसं बोलताहेत ते. याला आता आंतरशाखीय म्हणतात, अर्जातही तोच रकाना असतो. त्या शब्दाला घाबरू नका आणि भुलूही नका. एक माध्यम तळापर्यंत यायला हवं, मग बाकीची त्याला येऊन मिळतात, असं माझं पक्कं मत आहे. चंद्रपूरच्या खाणपट्ट्यातले प्रभाकर पाचपुते घ्या. खैरागड आणि बडोद्याला शिकलेला माणूस, घरची माणसं खाणीत काम केलेली. तो कोळशाने थेट भिंतीवर चित्र काढतो आणि मग ते चित्र ॲनिमेशनमध्ये जातं, शिल्पात जातं, आवाजाशेजारी उभं राहतं. पण हात आधी कोळशावर बसलाय. मुद्राचित्रकार झरीना हाश्मींनी सुटलेल्या घरावर जन्मभर काम केलं. 1999 मधला त्यांचा 36 वुडकटचा, म्हणजे लाकडी ठशांच्या छापांचा, संच बघा. एकेक साधा आकार, खाली एकेक उर्दू शब्द. प्रोजेक्टर नाही, आवाज नाही. छापण्याची शिस्त मात्र अशी की कागदावर हात ठेवावासा वाटतो. पहिल्याच वर्षी व्हिडिओ, परफॉर्मन्स आणि ध्वनी असं तिन्ही करायला धावणाऱ्या मुलांना मी हेच दाखवते.

आता चूक.

एका संस्थेच्या रेसिडेन्सीत मी ‘उणे’ उभं करत होते. संस्थेचं नाव घेत नाही, माणसं वाईट नव्हती. त्यांनी मला एक फॉर्म दिला होता, दोन पानी, इंग्रजीत. ज्यांचं रेकॉर्डिंग करणार त्यांची सही घेऊन या, म्हणाले. मी तो घेऊन थोरल्या मामींकडे गेले. मामी तेव्हा सत्तरीच्या आसपास. धरणाआधी सहा-सात वर्षं जुन्या गावात नांदलेल्या. मी म्हटलं, “मामी, तुमचं बोलणं मी रेकॉर्ड करते, त्याला तुमची हरकत नाही, एवढंच लिहिलंय.” एवढंच लिहिलेलं नव्हतं. हा आवाज कुठल्याही माध्यमात, कुठेही, कधीही वापरता येईल, असं लिहिलं होतं. मी ते वाचलं होतं. समजावत बसलं तर मामी बिचकतील आणि काम अडेल, असं वाटलं म्हणून सोडून दिलं.

शाईचा पॅड नव्हता. बॉलपेनची रिफिल अंगठ्यावर घासली आणि अंगठा टेकवला. मामींनी मोरीवर जाऊन राखेने हात चोळला. निळा डाग तसाच राहिला. “ऱ्हाऊ दे,” म्हणाल्या, “जाईल दोन दिसात.”

त्यानंतर तीन वेळा गेले. चौथ्या खेपेला दुपारी मामी ओसरीवर भुईमुगाच्या शेंगा फोडत होत्या. रेकॉर्डर सुपाशेजारी ठेवला होता आणि खरं सांगायचं तर दोघीही तो विसरलो होतो. बोलता बोलता त्या म्हणाल्या, धरणाचे पैसे आले तेव्हा भावाभावांत वाटप झालं. “नणंदांना एकेक लुगडं दिलं आन् अंगठं घेतलं. तुझ्या आईचं हिरवं व्हतं.”

ते लुगडं मला माहीत होतं. आमच्या घरी एक गोधडी आहे, तिच्या आतल्या थराला हिरवं इरकली आहे. लहानपणी ताप आला की आई तीच घालायची अंगावर. मी ज्या हिरव्या कापडाखाली झोपले ती आईच्या हिश्शाच्या जमिनीची किंमत होती, हे मला तिथे, त्या ओसरीवर कळलं.

प्रदर्शनात मी तीच गोधडी टांगली, हिरव्या थरामागे छोटा स्पीकर शिवला. कान लावला की मामींचं ते वाक्य ऐकू यायचं, पुन्हा पुन्हा. बायका तिथे थांबायच्या, काहींचे डोळे भरायचे. मला वाटलं, मी आयुष्यातलं सर्वांत खरं काम केलं.

चौथ्या दिवशी पुण्यात शिकणारा आमच्या भावकीतला एक मुलगा आला. कौतुकाने त्याने व्हिडिओ काढला आणि भावकीच्या ग्रुपवर टाकला. रात्री मामेभावाचा फोन. “ताई, वाटणी पाहिजे असंल तर सरळ बोल. आईला कशाला मधी घालती?” त्याला खरंच वाटलं होतं की मी माझ्या आईच्या हिश्शासाठी पुरावा गोळा करतेय. मामा, म्हणजे अंगठे घेणाऱ्या भावांपैकी थोरले, दोन दिवस जेवले नाहीत. मामींना त्याच घरात राहायचं होतं, त्याच ओसरीवर बसायचं होतं.

मी म्हणत राहिले, मी नाव कुठे दिलंय? हा भाग नीट वाचा, कारण इथेच मी फसले आणि तुम्हीही फसाल. नाव न देणं म्हणजे ओळख लपवणं, हे शहरात, अनोळखी माणसांत चालतं. भावकीत आवाजाला नाव लागत नाही. दोन शब्दांत माणूस कळतं. ‘लुगडं’ म्हणताना कुणाचा सूर कुठे वर जातो, मागे कुणाच्या कोंबड्या ओरडतात, कुणाच्या पिठाची गिरणी चालू आहे, हे त्या दोनशे माणसांना पाठ असतं. आणि दुखावू शकणारी माणसंही तीच दोनशे असतात. मुंबईच्या प्रेक्षकाला मामी कोण हे कळलं काय, न कळलं काय. तुम्ही जो धोका टाळलात तो मुळात नव्हताच, आणि जो होता त्याच्याकडे पाठ होती.

आईला फोन केला तेव्हाही मी वकिलासारखी बोलत होते. “पण आई, मी फॉर्मवर अंगठा घेतला होता गं.”

आई बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, “अंगठा आमचाबी घेतला व्हता.”

मी दुसऱ्या दिवशी स्पीकर उसवून काढला. गोधडी तशीच मुकी टांगलेली राहिली उरलेले नऊ दिवस. संस्थेचं म्हणणं होतं, कायदेशीर अडचण काही नाही, काम चालू ठेवा. कायद्याने ते बरोबर असतील. मामी माझ्याशी सात महिने बोलल्या नाहीत.

आता यातून मी काय करायला लागले ते सांगते, आणि हे जरा लांबेल. धरणग्रस्त, गिरणीतून घरी बसवलेले, जमीन गेलेले, वस्तीतून उठवलेले अशा माणसांबरोबर काम करणार असाल, तर त्यांच्या आयुष्यात कागद आणि अंगठा याच गोष्टींनी घात केलेला असतो, हे आधी ध्यानात घ्या. त्यांच्यापुढे फॉर्म ठेवणं ही तुमच्यासाठी नैतिक काळजी असते, त्यांच्यासाठी ती जुनीच घटना पुन्हा घडणं असतं. साहेब आला, कागद आणला, काय लिहिलंय ते थोडक्यात सांगितलं, अंगठा घेतला. म्हणून मी आता पहिल्या भेटीत कागद काढत नाही. संस्थेला लागतोच तर मराठीत लिहून घेते, पूर्ण वाचून दाखवते, एक प्रत त्यांच्याकडे ठेवते, आणि घरातलं शिकलेलं माणूस वाचेपर्यंत थांबते. बोलून दिलेली परवानगी रेकॉर्ड करते, त्यांच्या शब्दांत. “ह्ये लोकास्नी ऐकीव, ह्ये नको,” असं त्या म्हणतात ते मला कुठल्याही सहीपेक्षा भक्कम वाटतं.

आणि एकदा विचारून भागत नाही. रेकॉर्डिंगआधी विचारायचं. मग रेकॉर्ड झालेलं परत नेऊन ऐकवायचं आणि पुन्हा विचारायचं, कारण बोलताना माणूस तुमच्याशी बोलत असतं, ऐकताना त्याला पहिल्यांदा कळतं की हे बाहेर जाणारंय. मग काम उभं राहिलं की त्याचा फोटो, व्हिडिओ दाखवून तिसऱ्यांदा विचारायचं. कारण चाळीस मिनिटांच्या बोलण्यातलं एक वाक्य उचलून गोधडीला शिवलं की ते वाक्य पहिलं राहत नाही. मामींनी ते शेंगा फोडता फोडता म्हटलं होतं, त्यात आरोप नव्हता, आणि पुढच्याच वाक्यात त्या जोंधळ्याच्या भावाकडे वळल्या होत्या. मी पुढचं मागचं कापून त्याचा आरोप केला. परवानगी मागायची ती या कापण्याची. रेकॉर्डिंगची परवानगी त्या मानाने सोपी असते. तिसऱ्यांदा विचारल्यावर नकार आला तर? येतो. माझ्या दोन कामांना आलाय. काम रद्द करावं लागलं, एकदा तर छपाई झाल्यावर. वाईट वाटतं, पैसे जातात. रद्द करा.

उलट बाजूही सांगते, नाहीतर तुम्ही घाबरून सगळ्यांचीच नावं गाळाल. हेमा राईरकर आणि गी प्वातवाँ यांनी जमवलेल्या जात्यावरच्या ओव्या पाहा, एक लाखाहून जास्त आहेत. तिथे ओवीसोबत गाणाऱ्या बाईचं नाव आहे, गाव आहे. ज्यांना आयुष्यात कुणी गायिका म्हटलं नाही त्यांचं नाव त्यांच्या ओवीला लागलंय. नाव लपवणं दर वेळी मान राखणं नसतं. लावायचं की नाही, तेही विचारायचंच.

तांत्रिक बाबींवर थोडं. फाइलला त्याच दिवशी नाव द्या, तारीख, गाव, माणूस. दोन प्रती, दोन वेगळ्या घरांत. बॅकवॉटरच्या काठावर वारा फार असतो, माइकला केसाळ कव्हर नसेल तर दुपारनंतर रेकॉर्डिंगला बसू नका. आणि उठण्यापूर्वी रिकाम्या ओसरीचा एक मिनिट आवाज घ्या, जोडकामाला लागतो. हे मला नाटकात ध्वनी सांभाळणाऱ्या एका माणसाने शिकवलं, कुठल्या कार्यशाळेत नाही.

‘मेंटॉर’ हा शब्द हल्ली फार स्वस्त झालाय. तुमची कन्सेप्ट नोट घेऊन त्यात ‘मेमरी’, ‘आयडेंटिटी’, ‘प्लेस’ पेरून परत देणारा मेंटॉर असेल तर नम्रपणे दूर व्हा. हे शब्द न वापरता नोट लिहून बघा. आमच्या मामींच्या ट्रंकेत ओळख म्हणजे प्रकल्पग्रस्ताचा दाखला आहे, प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळलेला, नोकरीतल्या पाच टक्के आरक्षणासाठी नातवंडांना लागेल म्हणून. जागा म्हणजे नंबर लागलेलं गावठाण. हे लिहिलं की तीन मोठे शब्द लागत नाहीत. जो मार्गदर्शक एसटीने तुमच्याबरोबर त्या गावी येईल, दोन तास चहा पीत गप्प बसेल, त्याला सोडू नका. मला असे एकच सर मिळाले. अंगठ्याबद्दल त्यांनी मला फॉर्म भरायच्या आधीच टोकलं होतं. मी ऐकलं नाही.

आणि पुण्याच्या जुन्या बाजारातून बुधवारी-रविवारी कुणाच्या तरी घरातले फोटो वीस-पन्नास रुपयांना आणून त्यावर लाल दोरा शिवू नका. त्या फोटोतल्या बाईला तुम्ही काय विचारलंत? ती कुणाची मामी आहे? असं काम दिसतं छान, लवकर होतं, निवडलंही जातं. मला ते बघवत नाही.

घरातली माणसं “यातून मिळतं काय” विचारतील. पहिली काही वर्षं फारसं काही मिळत नाही, हे खरंच आहे. मी अजूनही एलिमेंटरी-इंटरमिजिएट या चित्रकला परीक्षांचे क्लास घेते आणि मला त्यात कमीपणा वाटत नाही. पण दारं आहेत. बेंगळुरूच्या इंडिया फाउंडेशन फॉर द आर्ट्सकडे आपल्या भाषेत अर्ज करता येतो. मी मराठीत लिहिला तेव्हा माझं म्हणणं मलाच पहिल्यांदा नीट कळलं. दिल्लीची कलासंस्था खोज 1997 पासून अशा कामांना जागा देत आलीय, कोचीच्या बिएनालेला, म्हणजे तिथल्या मोठ्या द्वैवार्षिक कलाप्रदर्शनाला, विद्यार्थ्यांसाठी वेगळी बिएनाले असते. नकार येतील, मला अकरा आले. इंग्रजी कच्चं आहे म्हणून थांबू नका. तुमच्या आजीची बोली तुम्हाला कळते, ती येणारा माणूस त्या निवड समितीत बहुतेक एकही नसेल. ते तुमचं भांडवल आहे, जपून वापरा.

2024 च्या उन्हाळ्यात उजनी फार खाली गेली. मी आजोळी गेले होते, रेकॉर्डर बॅगेत, बाहेर काढायचा नाही असं ठरवून. मामी आपणहून म्हणाल्या, चल, दावते. भेगाळलेल्या गाळावरून काठी टेकत त्या चालल्या. शिंपल्यांचा कचकच आवाज. एका जोत्यापाशी थांबल्या, पायाने गाळ सारला, खाली उखळाचा गोल दगड. “हितं दार व्हतं.” मग कमरेवर हात ठेवून चारी दिशांना तोंड करत शेतांची नावं घेऊ लागल्या. चिंचेचं, वळणाचं, पांढरीचा मळा, सोनारकी. मध्येच थांबून माझ्याकडे बघितलं.

“मशीन न्हाई आणलं?”

“आणलंय. लावू?”

“लाव. पयल्यापास्नं सांगते.”

संध्याकाळी ओसरीवर त्यांना इअरफोन लावून सगळं ऐकवलं. दोन ठिकाणी हात वर करून थांबवलं. एक नाव चुकलं होतं, ते दुरुस्त करून पुन्हा सांगितलं. एका शेताच्या नावामागे कुणाच्या तरी भांडणाची गोष्ट होती, ती काढ म्हणाल्या. मी त्यांच्यासमोर काढली. आता ‘उणे’मध्ये फक्त ती एकवीस नावं आहेत, मामींच्या आवाजात, खाली त्यांचं पूर्ण नाव, त्यांनीच सांगितलं तसं, माहेरच्या नावासकट.

लुगड्याचं वाक्य माझ्याकडे अजून आहे, वेगळ्या फोल्डरमध्ये. मामा-मामी असेपर्यंत ते वाजवायचं नाही, असं आमचं ठरलंय. त्यानंतर त्याचं काय करायचं हे त्यांना विचारायचं राहिलंय. पंचमीला जाणार आहे.